दावा निकाली, दरखास्त बाकी

पाषाणची २४ एकर ३८ गुंठे जमीन एका कुटुंबाने १९५० च्या दशकात विकत घेतली होती. पुढे राज्य सरकारने ती ताब्यात घेतली आणि संरक्षण खात्याच्या शस्त्रास्त्र संशोधन संस्थेला देऊन टाकली. कुटुंबाने सरकारवर दावा लावला. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत चालला आणि कुटुंब जिंकले. बजावणीची वेळ आली तेव्हा उत्तर मिळाले की जागा आता संस्थेकडे आहे. संस्था म्हणाली, आम्ही दाव्यात पक्षकारच नव्हतो, आम्हाला हलवता येणार नाही. मग पर्यायी जमिनीसाठी मुंबई उच्च न्यायालयात जावे लागले. दहा वर्षे जमीन न दिल्याबद्दल उच्च न्यायालयाने सरकारवर ताशेरे ओढले. २००४ मध्ये एकदाची पर्यायी जमीन मिळाली आणि नंतर कळले की ती अधिसूचित वनक्षेत्रात मोडते.

ऑगस्ट २०२४ मध्ये न्या. भूषण गवई आणि न्या. के. व्ही. विश्वनाथन यांच्या खंडपीठासमोर हे प्रकरण होते. राज्याने देऊ केलेले ३७ कोटी ४२ लाख रुपये खंडपीठाला वाजवी वाटले नाहीत. योग्य मोबदला ठरवा, नाहीतर ‘लाडकी बहीण’ योजना थांबवण्याचा आदेश देऊ, असा इशारा न्यायालयाने दिला. त्या आठवड्यात चर्चा झाली ती योजनेची. देशातल्या सर्वात वरच्या न्यायालयात जिंकलेल्या माणसाला जिंकलेली वस्तू साठ-साठ वर्षे का मिळत नाही, हा मूळ प्रश्न बाजूलाच राहिला.

हा प्रश्न एका कुटुंबाचा नाही. मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल विरुद्ध राजामणी या तमिळनाडूतल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सगळ्या उच्च न्यायालयांकडून बजावणीच्या प्रलंबित अर्जांची माहिती मागवली आणि ते सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितले. त्या प्रकरणातला जमीन विक्रीचा करार १९८० चा होता आणि हुकूमनामा १९८६ चा. ऑक्टोबरमध्ये आकडे समोर आले. सहा महिन्यांत ३,३८,६८५ अर्ज निकाली निघाले होते, आणि तरीही देशभरात ८,८२,५७८ शिल्लक होते. त्यांतले सुमारे ३ लाख ४१ हजार एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत. दुसऱ्या क्रमांकावरच्या तमिळनाडूत ८६ हजारांच्या आसपास. म्हणजे देशातल्या दर पाच थकलेल्या अर्जांपैकी जवळपास दोन आपल्याकडचे आहेत. न्या. जे. बी. पारडीवाला यांच्या खंडपीठाने ही स्थिती अत्यंत निराशाजनक असल्याचे नोंदवले आणि आणखी सहा महिने दिले.

आपल्याकडे कोर्टाच्या आवारात या अर्जाला दरखास्त म्हणतात. ज्यांचे आयुष्यात कधी कोर्टात काम पडलेले नाही त्यांना वाटते की निकाल लागला म्हणजे विषय संपला. प्रत्यक्षात दिवाणी निकाल आपण होऊन काहीच करत नाही. न्यायाधीश हुकूमनामा देतात आणि पुढच्या पुकाऱ्याकडे वळतात. समोरच्याने आपखुशीने पैसे दिले नाहीत, जागा सोडली नाही, तर जिंकलेल्याने पुन्हा नवी फी भरून, नवे वकीलपत्र देऊन दरखास्त दाखल करायची. त्यासाठी बारा वर्षांची मुदत आहे. देणेकऱ्याची मालमत्ता कुठे आहे हे शोधायचे काम कोर्टाचे नाही, पोलिसांचे नाही, दरखास्तदाराचे आहे. भारतात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असे लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने दरभंग्याच्या एका प्रकरणात १८७२ मध्ये म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाला २०१३ मध्ये, सत्यवती विरुद्ध राजिंदर सिंग या निकालात, त्याच वाक्याची आठवण काढावी लागली.

पिंपरी-चिंचवड ते चाकण या पट्ट्यात हा प्रश्न दोन तोंडांनी भेटतो. एक तोंड उधारीचे, दुसरे जमिनीचे.

उधारीचे आधी पाहू. भोसरीतल्या छोट्या वर्कशॉपवाल्याने चाकणच्या एखाद्या कंपनीला सुटे भाग पुरवले, बिले थकली, दावा लावला आणि काही वर्षांनी व्याजासह रकमेचा हुकूमनामा मिळाला, असे धरू. पहिला पेच भूगोलाचा. चाकण खेड तालुक्यात, म्हणून तिथले न्यायालय राजगुरुनगरला. तळेगावची एमआयडीसी मावळात, म्हणून वडगाव मावळला. पिंपरीला स्वतःचे न्यायालय आहे, पण ३ लाखांवरचे व्यापारी वाद शिवाजीनगरला. निकाल एका कोर्टाने दिला आणि यंत्रे दुसऱ्या कोर्टाच्या हद्दीत असली, तर हुकूमनामा तिकडे वर्ग करून घ्यावा लागतो. त्यासाठी अर्ज, सही-शिक्क्याची नकल आणि वसुली झाली नसल्याचा दाखला लागतो. पुणे-नाशिक रस्त्यावर तासा-दीड तासाचे अंतर कागदाला पार करायला कित्येक महिने लागू शकतात. लवादाच्या निवाड्यांपुरता हा फेरा सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सुंदरम फायनान्सच्या प्रकरणात वाचवला. निवाडा असेल तर जिथे मालमत्ता आहे तिथल्या कोर्टात थेट जाता येते. साध्या हुकूमनाम्याला ती सवलत नाही.

मग नोटीस. हुकूमनामा दोन वर्षांहून जुना असेल तर जप्तीआधी देणेकऱ्याला नोटीस काढावी लागते. ती लागू झाली की तो हजर होऊन म्हणणे देण्यासाठी मुदत मागतो. मुदत मिळते. म्हणणे आले की त्यावर युक्तिवाद, युक्तिवादाला तारीख. अखेर जप्तीचे वॉरंट निघते आणि नाझर विभागातून बेलीफाच्या हातात येते.

बेलीफाचे काम जवळून पाहिले तर सगळ्या यंत्रणेची अवस्था कळते. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ६२ सांगते की सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी राहत्या घरात शिरायचे नाही. बाहेरचा दरवाजा फोडायचा तर ते घर देणेकऱ्याच्याच ताब्यात हवे आणि त्याने आत येऊ द्यायला नकार दिलेला हवा. हाच बेलीफ सकाळी कुठल्या तरी गृहसंकुलात समन्स लावून, दुपारी चाकणच्या शेडपाशी पोहोचतो. सोबत दरखास्तदार, त्याने आणलेले दोन पंच. फाटकावरचा सुरक्षारक्षक सांगतो, साहेब नाहीत. आत गेल्यावर दिसते की पाटी बदललेली आहे. कंपनीचे जुने नाव जाऊन वेगळे नाव आले आहे, कामगार तेच आहेत. यंत्रावर बँकेचे स्टिकर आहे, म्हणजे ते बँकेकडे तारण. काही टनांचे ते यंत्र जप्त करायचे तर हायड्रा क्रेन, ट्रेलर आणि ठेवायला गोदाम लागते, आणि तो सगळा खर्च आधी दरखास्तदाराने भरायचा असतो. पंचनामा होतो. वॉरंट शेरा मारून परत जाते. पुढची तारीख.

यानंतर बँक किंवा नव्या नावाची कंपनी हरकत घेऊन येते. जप्त केलेली वस्तू आमची आहे, असा तिचा अर्ज. संहितेच्या आदेश २१ चा नियम ५८ असा दावा दरखास्तीतच तपासायला सांगतो, म्हणजे साक्षीपुरावा, उलटतपासणी, निकाल, आणि त्या निकालावर अपील. एका दाव्याच्या पोटात दुसरा दावा जन्माला येतो. या आदेश २१ चे एकूण १०६ नियम आहेत. सबंध संहितेत एवढा लांब आदेश दुसरा नाही, आणि प्रत्येक नियमापाशी थांबायला एक जागा आहे.

देणेकरी कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली तर दरखास्त जागच्या जागी थांबते. २०१६ च्या दिवाळखोरी संहितेचे कलम १४ लागू झाले की कुठल्याही हुकूमनाम्याची बजावणी पुढे नेता येत नाही. मोठ्या वाहन कंपनीच्या दोन पायऱ्या खालचा पुरवठादार असा गडगडला की त्याच्याही खालचे दहा-वीस वर्कशॉपवाले न्यायाधिकरणाने नेमलेल्या दिवाळखोरी व्यावसायिकाकडे आपापले दावे नोंदवून रांगेत उभे राहतात. त्या रांगेत तारण असलेली बँक पुढे असते.

छोट्या उद्योगांसाठी २००६ च्या कायद्याने वेगळी वाट काढली. सूक्ष्म किंवा लघू उद्योगाचे बिल जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यायचे. नाही दिले तर बँक दराच्या तिप्पट, महिन्याच्या चक्रवाढीने व्याज. तक्रार सुविधा परिषदेकडे करायची, पुण्यातही अशी परिषद आहे. निवाड्याला आव्हान द्यायचे तर खरेदीदाराने आधी ७५ टक्के रक्कम भरायची. ही शेवटची अट सगळ्यात उपयोगाची आहे, कारण पैसे अडकले की अपील लांबवण्यात खरेदीदाराचाच तोटा होतो. पण त्याने आव्हानच दिले नाही आणि नुसता गप्प बसला, तर निवाडा घेऊन पुन्हा त्याच बेलीफाच्या रांगेत यावे लागते.

१ एप्रिल २०२४ पासून लागू झालेल्या प्राप्तिकराच्या एका तरतुदीने या गप्प बसण्याला थोडा चाप लावला. लघू पुरवठादाराचे बिल मुदतीत चुकते केले नाही तर तो खर्च त्या वर्षी वजावटीला मिळत नाही. मार्चअखेर जवळ आली की खरेदीदाराचा हिशेबनीसच आता थकलेल्या बिलांची यादी काढतो. ज्याच्या हातात पैसा आहे त्यालाच उशीर महाग पडला पाहिजे, ही गोष्ट कर खात्याला उमगली. दिवाणी कायद्यात ती अजून पुरती उतरलेली नाही.

दिवाणी वसुलीवर विश्वास नसल्यामुळे बाजारात दुसऱ्याच सवयी रुजल्या. माल देताना सही केलेला पुढच्या तारखेचा चेक घेऊन ठेवायचा, तो वटला नाही की चेकच्या कायद्याच्या कलम १३८ खाली फौजदारी तक्रार करायची. तुरुंगाच्या भीतीने पैसे निघतात, हा हिशेब. त्यातून फौजदारी न्यायालये चेकच्या खटल्यांनी भरून गेली. यापेक्षा वाईट सवय आहे ती वसुलीसाठी ‘माणसे पाठवण्याची’. औद्योगिक पट्ट्यात गुंडगिरी वाढली म्हणून आपण पोलिसांना धारेवर धरतो ते योग्यच आहे. पण हुकूमनामा हातात असूनही ज्याला पाच वर्षांत एक रुपया मिळाला नाही, त्याच्या दारात अशी माणसे आपणहून येऊन उभी राहतात, हेही ध्यानात घ्यायला हवे.

आता जमीन. खेड आणि मावळ तालुक्यांत गेल्या तीन दशकांत जमिनीचा भाव बदलला आणि घराघरांत वाटपाचे दावे उभे राहिले. भावांनी बहिणींना हिस्सा दिला नाही, चुलत्याने सगळा सातबारा स्वतःच्या नावावर ठेवला, अशी ती प्रकरणे. या दाव्यात कोर्ट आधी प्राथमिक हुकूमनामा देते, म्हणजे कोणाचा किती हिस्सा हे ठरवते. बहिणीचा एक चतुर्थांश हिस्सा जाहीर झाला, पेढे वाटले गेले. पण कुठला एक चतुर्थांश, रस्त्याकडचा की ओढ्याकडचा, हे अजून ठरायचे असते.

शेतजमीन असेल तर ते ठरवण्याचे काम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. प्रकरण कोर्टातून जिल्हाधिकारी कार्यालयात, तिथून तहसीलदारांकडे, तिथून मोजणीसाठी भूमी अभिलेखच्या उपअधीक्षकांकडे. मोजणीची फी भरायची, मोजणीच्या तारखेची वाट पाहायची, त्या दिवशी सगळ्या सहहिस्सेदारांना नोटिसा. एक जण गैरहजर राहतो किंवा बांधावर अडवणूक करतो. मोजणी पुढे जाते. झाली तर वाटपाचा तक्ता तयार होतो, त्यावर हरकती, त्यांची सुनावणी. मग ताबा आणि शेवटी फेरफार. या साखळीतली कुठलीही कडी दुसरीला जबाब देत नाही. कोर्ट म्हणते प्रकरण महसूलकडे आहे, तहसील म्हणते मोजणीचा नकाशा आलेला नाही, भूमी अभिलेख म्हणते पोलीस बंदोबस्त मिळाला नाही. शिवाय तुकडेबंदीचा १९४७ चा कायदा आहेच. हिस्सा प्रमाणभूत क्षेत्रापेक्षा कमी भरत असेल तर तुकडा पाडण्यालाच हरकत निघते.

एवढ्या काळात जमीन थांबून राहत नाही. ज्याच्या ताब्यात आहे तो गुंठ्या-गुंठ्याने विकतो, गोदाम बांधून भाड्याने देतो, कंपनीच्या बससाठी पार्किंग करून देतो. दावा चालू असताना घेणाऱ्याला मूळ मालकापेक्षा जास्त हक्क मिळत नाही, आणि आदेश २१ चा नियम १०२ अशा खरेदीदाराला बजावणीत अडथळा आणू देत नाही. हे कागदावर. बहिणीच्या वाट्याच्या जागेवर चार खरेदीदारांची पत्र्याची घरे उभी असली की ताबा वॉरंट घेऊन गेलेला बेलीफ त्यांच्याकडे पाहतो आणि पोलीस बंदोबस्ताची मागणी करून परततो. जागा रिकामी करून घ्यायची म्हणजे चार संसार बाहेर काढायचे. त्या चौघांनीही आयुष्यभराची पुंजी घालून ती गुंठेवारी घेतलेली असते. उशिराने एका अन्यायाचे पाच अन्याय झालेले असतात.

प्राथमिक हुकूमनाम्यानंतर अंतिम हुकूमनाम्यासाठी पक्षकाराने वेगळा अर्ज करायची वाट पाहू नका, न्यायाधीशांनी आपण होऊन पुढची तारीख लावावी, असे सर्वोच्च न्यायालयाने जून २०२२ मध्ये केरळच्या कट्टुकंडी एडत्तिल कृष्णन प्रकरणात सगळ्या देशाला बजावले. वाटप प्रकरणांत एवढा कामाचा आदेश बऱ्याच वर्षांत झाला नव्हता. आणखी एक बारकावा पक्षकारांनी लक्षात ठेवण्याजोगा आहे. वाटपाचा अंतिम हुकूमनामा मुद्रांकावर उतरावा लागतो, आणि पुष्कळ जण मुद्रांकाचे पैसे जमेपर्यंत थांबतात. बारा वर्षे मात्र हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजली जातात, मुद्रांक भरल्याच्या तारखेपासून नाही. २००५ मध्ये चिरंजीलाल विरुद्ध हरिदास या निकालात हे स्पष्ट झाले आहे.

देणेकरी जेव्हा सरकारच असते, तेव्हा आणखी वेगळा प्रकार. भूसंपादनात कमी मोबदला मिळाला म्हणून शेतकरी कोर्टात जातो, कोर्ट वाढीव रक्कम ठरवते. १८९४ च्या जुन्या कायद्याखाली या वाढीव रकमेवर पहिल्या वर्षी ९ टक्के आणि नंतर १५ टक्के व्याज आहे. या हिशेबाने साधारण सात वर्षांत व्याज मुद्दलाएवढे होते. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्यासाठी संहितेच्या कलम ८२ ने थांबायची मुदत दिली आहे. त्यानंतरही पैसे आले नाहीत की दरखास्त, आणि मग कधीतरी वर्तमानपत्रात फोटो येतो: जिल्हाधिकारी किंवा प्रांत कार्यालयातून खुर्च्या, संगणक, साहेबांची गाडी जप्त. लोक हसतात. पण त्या फोटोत एका कडेला उभा असलेला, जमीन गेलेला शेतकरी बहुतेक वेळा म्हातारा झालेला असतो. आणि त्याला द्यायचे व्याज करदात्यांच्या खिशातून जाते, ज्या कार्यालयाने फाईल अडवली त्याच्या नव्हे.

मग या कायद्यात एवढे अडसर ठेवलेच का, असा प्रश्न पडतो. त्याचे उत्तर पुणे जिल्ह्याच्याच मातीत आहे. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची घरे-दुकाने गाठली, त्यांच्या दप्तरातले रोखे, हिशेबवह्या, हुकूमनामे बाहेर काढले आणि जाळले. दख्खनचा दंगा तो हाच. त्या काळी तक्रार उशिराची नव्हती, घाईची होती. सावकार एकतर्फी हुकूमनामा मिळवत, शेतकऱ्याला कोर्टाची भाषाही कळत नसे, आणि बैल, भांडी, जमीन भराभर जप्त होत असे. कर्जासाठी शेतकऱ्याला दिवाणी तुरुंगात टाकता येई. दंग्याच्या चौकशीनंतर १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांत शेतकऱ्याला कर्जापायी अटक करणे बंद झाले, कर्जाचा मुळापासून हिशेब तपासणे आणि हप्ते बांधून देणे हे कोर्टाचे काम ठरले.

आजच्या १९०८ च्या संहितेतही ती माणुसकी जपलेली आहे. कलम ६० प्रमाणे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, कारागिराची हत्यारे, शेतकऱ्याचे बैल, बियाणे आणि घर जप्त होत नाही. धर्मरूढीप्रमाणे स्त्रीला अंगावरून उतरवता येत नाही तो दागिना जप्त होत नाही. पगारातले पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सुरक्षित असतात. कलम ५६ प्रमाणे पैशाच्या हुकूमनाम्यासाठी स्त्रीला अटक करता येत नाही. देण्याची ऐपतच नसलेल्या माणसाला तुरुंगात टाकता येणार नाही, हे १९८० मध्ये जॉली जॉर्ज वर्गीस प्रकरणात न्या. कृष्णा अय्यर यांनी पक्के केले. यातली एकही तरतूद काढून टाकावी असे कुणी म्हणू नये.

दुखणे वेगळीकडे आहे. गरिबासाठी ठेवलेल्या या थांब्यांचा फायदा आज घेतो तो चांगला वकील परवडणारा देणेकरी. ज्याच्याकडे बैलही नाहीत तो पहिल्या नोटिशीला घाबरून हप्ते बांधून देतो. ज्याच्याकडे तीन कंपन्या आणि दोन शेड आहेत तो कलम ४७ खाली हुकूमनाम्याच्या बजावणीलाच आक्षेप घेतो, भावाच्या नावाने हरकत टाकतो, अपिलात स्थगिती मागतो. आणि ऐपत असून पैसे न देणाऱ्याला दिवाणी कैद झालीच, तर त्याच्या तुरुंगातल्या जेवणाचा भत्ता दरखास्तदाराने आगाऊ भरायचा असतो. तो भरला नाही तर कैदी सुटतो.

या विषयावरचा सर्वात नेटका निकाल एका मराठी सरन्यायाधीशांच्या काळात आला. २२ एप्रिल २०२१ रोजी, शरद बोबडे निवृत्त होण्याच्या आदल्या दिवशी, राहुल शहा विरुद्ध जिनेंद्र कुमार गांधी या बंगळूरच्या जमिनीच्या प्रकरणात त्यांच्या खंडपीठाने खालच्या न्यायालयांना १४ निर्देश दिले. दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली निघावी, उशीर झाला तर न्यायाधीशांनी कारणे लिहून ठेवावीत, हा त्यातला गाजलेला भाग. पण खरा शहाणपणा आधीच्या निर्देशांत आहे. ताब्याच्या दाव्यात मुद्दे काढण्यापूर्वीच पक्षकारांना विचारा, या मालमत्तेत आणखी कुणाचा हितसंबंध आहे का. गरज पडली तर कोर्ट कमिशनर पाठवून जागेची तेव्हाची स्थिती नोंदवून घ्या. पैशाच्या दाव्यात प्रतिवादीकडून मालमत्तेचे शपथपत्र आधीच घ्या, तारण मागा. हुकूमनाम्यात जागेचे वर्णन इतके स्पष्ट लिहा की नंतर वाद नको. पाषाणच्या दाव्यात त्या संशोधन संस्थेला सुरुवातीलाच पक्षकार केले असते, तर पुढचा केवढा तरी फेरा वाचला असता.

बाहेरच्या देशांनी याचे उत्तर बजावणी करणाऱ्या माणसात शोधले. फ्रान्समध्ये हे काम कायद्याचे शिक्षण आणि परवाना असलेला स्वतंत्र अधिकारी करतो. पोर्तुगालने २००३ मध्ये कोर्टाच्या कर्मचाऱ्यांवरचा भार काढून असे बजावणी प्रतिनिधी नेमले. आपल्याकडे बेलीफ हा कोर्टाच्या उतरंडीतला खालच्या पायरीवरचा कर्मचारी आहे. त्याच्याकडे कंपनी नोंदणीची, बँक खात्यांची, सातबाऱ्यावरच्या बोजाची माहिती काढायचे साधन नाही, आणि बांधावर दहा माणसे आडवी झाली तर त्यांना बाजूला करायचे बळ नाही. दरखास्तीचा न्यायाधीशही वेगळा नाही. सकाळी फौजदारी रिमांड, दुपारी नव्या दाव्यांतले मनाईचे अर्ज, आणि वेळ उरला तर दरखास्ती. जागतिक बँकेच्या २०२० च्या अहवालात करार अमलात आणण्याबाबत भारत १६३ व्या क्रमांकावर होता आणि एक व्यापारी वाद तडीला जायला १,४४५ दिवस लागतात, असा मुंबई-दिल्लीचा हिशेब त्यात होता. तो अहवाल पुढे बंद झाला. पण पिंपरी, राजगुरुनगर, वडगाव इथे दरखास्तींसाठी आठवड्याचा ठरलेला दिवस, नाझर विभागात पुरेसे बेलीफ आणि बंदोबस्तासाठी पोलिसांशी ठरलेली पद्धत, एवढे झाले तरी फरक दिसेल. त्यासाठी नवा कायदा लागत नाही.

पक्षकाराच्या हातातही काही गोष्टी आहेत आणि त्या फार कमी वापरल्या जातात. देणेकरी मालमत्ता विकून पळण्याच्या तयारीत असेल तर निकालाआधीच जप्ती मागता येते, आदेश ३८ च्या नियम ५ खाली. यंत्रामागे धावण्यापेक्षा देणेकऱ्याचे येणे पकडता येते. चाकणच्या पुरवठादाराला ज्या मोठ्या कंपनीकडून बिलाचे पैसे यायचे आहेत, तिलाच आदेश २१ च्या नियम ४६-अ खाली नोटीस काढून ती रक्कम कोर्टात भरायला लावता येते. हायड्रा लागत नाही, गोदाम लागत नाही. आणि पैशाच्या हुकूमनाम्याची रक्कम तीस दिवस थकली की त्याच आदेशाच्या नियम ४१ खाली अर्ज देऊन देणेकऱ्याकडून सगळ्या मालमत्तेचे शपथपत्र मागता येते: घर, गाड्या, खाती, शेअर, कुणाकडून काय येणे आहे ते सगळे. कोर्टाने सांगूनही ते दिले नाही तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. हा अर्ज दरखास्तीच्या पहिल्या तारखेलाच देता येतो, बेलीफाचा ‘मिळून आला नाही’ असा शेरा यायची वाट पाहावी लागत नाही.